तिसरा इन्सुलेटर

१

बुधवारी दुपारी ड्रेस्डेनच्या हाय व्होल्टेज लॅबमध्ये जो आवाज झाला, तसा आवाज नंदिनी सबनीसनं इतक्या वर्षांत शेकडो वेळा ऐकला होता. वाळक्या लाकडांची मोळी एकदम मोडावी तसा कडाडा, काचेपलीकडच्या धुक्यात निळसर झळाळी आणि पाठोपाठ ब्रेकर पडल्याचा ठोका. आवाज ओळखीचाच होता. फक्त आज तो व्हायला नको होता.

काचेपलीकडच्या खोलीत मिठाचं धुकं सोडलेलं होतं आणि त्या धुक्यात एक इन्सुलेटर टांगलेला होता. विजेच्या मनोऱ्याला तार ज्यानं लटकते, तो छत्र्याछत्र्यांचा लांब दांडा. हा सिलिकॉन रबराचा होता. समुद्रकाठच्या खाऱ्या हवेत तो टिकतो का, एवढंच बघायचं होतं. टिकला नाही, तर वीज आपली तार सोडून त्याच्या ओल्या अंगावरून मनोऱ्यावर उडी मारते. आता तेच झालं होतं. नंदिनीनं पुन्हा व्होल्टेज चढवलं, पुन्हा तेच झालं.

तिच्या शेजारी सेलाम वोल्दे हाताची घडी घालून उभी होती. पन्नाशीची, इथिओपियाची, मोजकं बोलणारी ही बाई स्वतः इंजिनिअर होती आणि आफ्रिका खंडातल्या देशांनी मिळून उभारलेल्या वीजजोड मंडळाची समन्वयक होती. कुणाच्या धरणातली वीज कुणाच्या शहराला द्यायची, कुठली लाइन आधी टाकायची नि कुठली मागून, हे ठरवायचं काम या मंडळाचं. सध्या प्रश्न होता पश्चिमेकडच्या चार देशांना जोडणाऱ्या लाइनचा. तिला दोन वाटा होत्या. एक किनाऱ्यानं जाणारी, आखूड, वाटेतल्या बंदरांना आणि गावांना वीज देत जाणारी. तिथली इस्पितळं आज डिझेलच्या जनरेटरवर चालत होती. दुसरी आतून, डोंगरांमधून, लांबची. किनाऱ्याच्या वाटेवर आक्षेप एकच होता, मीठ. म्हणून मंडळानं ठरवलं होतं की तीन इन्सुलेटर ड्रेस्डेनला तपासायचे. तिन्ही पास झाले तर किनारा. एक जरी पडला तर आतली वाट, आणि किनाऱ्यावरच्या गावांचा नंबर पुढच्या टप्प्यात, म्हणजे निदान दहा वर्षांनी.

सोमवारी पहिला पास झाला. मंगळवारी दुसरा. आज तिसरा पडला.

लॅबचे प्रमुख डॉ. क्यूनास्ट खालच्या आवाजात बोलणारे गृहस्थ. त्यांनी नंदिनीला बाजूला घेतलं. मिठाचं पाणी तिनं तयार केलं होतं, चाचणी तिनं चालवली होती. मंडळ उद्या विचारेल की इन्सुलेटर वाईट होता की चाचणी, तेव्हा उत्तर देताना तिनं तिथं असू नये, एवढं त्यांनी सभ्यपणे सांगितलं. धुक्याची खोली बंद राहील, सोमवारी शांत डोक्यानं बघू. तोवर तिनं घरून काम करावं.

“मंडळाचा निर्णय शुक्रवारी आहे,” नंदिनी म्हणाली.

“गेनाऊ, अगदी बरोबर,” क्यूनास्ट म्हणाले, “म्हणूनच.”

२

घरी तिचे वडील आलेले होते. पद्माकर सबनीस महाराष्ट्र शासनाचे निवृत्त विद्युत निरीक्षक. कुठं गिरणीत कामगार शॉक लागून गेला, शेतात तार तुटून बैल मेला, की कारण शोधायला सरकार त्यांना पाठवत असे. आता उन्हाळ्यापासून ते लेकीकडे होते. नात स्पृहाशी मराठीत बोलायचे आणि ती त्यांना जर्मनमध्ये उत्तरं द्यायची. दोघांचंही त्यात काही अडत नव्हतं. जावई देवदत्त चिपच्या कारखान्यात शिफ्टवर, त्यामुळे संध्याकाळी स्वयंपाकघराचा ताबा आजोबांकडे असे.

नंदिनीनं कोट काढला आणि सगळं सांगून टाकलं. निघण्याआधी तिनं मिठाचं प्रमाण तीनदा तपासलं होतं, मीटर तपासले होते, फवारे तपासले होते. सगळं बरोबर होतं, आणि त्यामुळेच ती जास्त घाबरली होती. आपली चूक सापडली असती तर निदान हातात काही तरी आलं असतं.

पद्माकर कणीक मळत ऐकत होते. एवढ्यात बेल वाजली आणि अनय आला. अनय देवपुजारी नागपूरचा, शेजारच्याच इन्स्टिट्यूटमध्ये पीएच.डी. करत होता. आफ्रिका खंडाच्या वीजजाळ्याचं गणिती मॉडेल हा त्याचा विषय, आणि लॅबमध्ये चाचणीच्या वेळी उष्णतेचा कॅमेरा लावायचं काम त्याच्याकडे असे. ड्रेस्डेनला आला तेव्हा पहिला महिनाभर तो याच घरात राहिला होता. अजूनही आठवड्यातून एकदा जेवायला यायचाच. आज नंदिनीसाठी मुद्दाम आला होता.

“ताई, तुम्ही नका मनाला लावून घेऊ,” तो म्हणाला. “क्यूनास्टना मीच म्हटलं, दोन-चार दिवस कुणी कशाला हात लावायला नको. सगळे तापलेले आहेत. सोमवारी शांतपणे बघू.”

नंदिनीला बरं वाटलं. कुणी तरी आपल्या बाजूनं बोललं होतं. तो जेवला, स्पृहाला गणित समजावलं आणि गेला.

भांडी आवरताना पद्माकरांनी विचारलं, “तू मीठ बघितलंस, पाणी बघितलंस, मीटर बघितलास. मेलेल्या माणसाकडे कुणी बघितलं का?”

“म्हणजे?”

“म्हणजे इन्सुलेटर, नंदू. पडला तो इन्सुलेटर. त्याच्या अंगाला कुणी हात लावून पाहिलं का?”

कुणीच नव्हतं पाहिलं. तो अजून त्या बंद खोलीत टांगलेला होता.

“मग सोमवारपर्यंत थांबून चालायचं नाही,” ते म्हणाले. “उद्या सकाळीच बघायला हवा.”

३

लॅबमध्ये जायची नंदिनीला मनाई होती. पण चाचणी ज्याची, त्याला नमुना बघायचा हक्क असतो आणि सोबत जाणकार आणायचाही. गुरुवारी सकाळी तिनं सेलामला फोन केला. माझे वडील विजेच्या अपघातांची चौकशी करायचे, त्यांना तुमच्यातर्फे आत नेता का, असं सरळच विचारलं. सेलाम म्हणाली, ट्रामच्या स्टॉपवर भेटा, आणि तुम्हीही या, माझ्या पाहुण्या म्हणून.

क्यूनास्टना हे रुचलं नाही, पण ग्राहकापुढे इलाज नव्हता. त्यांनी खोली उघडली. आत अजून खारा दमट वास होता. येन्स नावाच्या तंत्रज्ञानं इन्सुलेटर खाली उतरवला. साठीकडे झुकलेला, रुंद बांध्याचा हा माणूस क्रेन आणि नमुने सांभाळायचा आणि त्याच्या हॉलमध्ये पाहुणे आलेले त्याला मुळीच खपायचे नाहीत.

पद्माकरांनी साधं पाणी भरलेली फवाऱ्याची बाटली मागितली. आधी त्यांनी पास झालेल्या दुसऱ्या इन्सुलेटरवर फवारा मारला. रबरावर पाण्याचे टपोरे मणी उभे राहिले आणि घरंगळून गेले.

“अळवाच्या पानावर राहतं तसं,” ते मराठीत म्हणाले आणि मग सेलामला इंग्रजीत समजावलं. या रबराचा सगळा मोठेपणा त्यातच आहे. पाणी अंगाला चिकटत नाही, थेंब सुटे राहतात, म्हणून विजेला चालायला सलग ओली वाट मिळत नाही.

मग त्यांनी तिसऱ्यावर फवारा मारला. पाणी पसरलं. छत्रीवरून छत्रीवर पातळ पापुद्रा धरत खाली ओघळलं.

क्यूनास्ट लगेच म्हणाले की यात नवल नाही. वर ठिणग्या नाचल्या की रबराचा हा गुण काही काळ जातोच. पाणी पसरतं ते फ्लॅशओव्हरमुळे, म्हणजे विजेच्या त्या उडीमुळे; फ्लॅशओव्हर पाण्यामुळे झाला असं त्यावरून म्हणता येणार नाही. नंदिनीला हे मान्य करावं लागलं. प्रयोगशाळेतलं कुणीही हेच म्हणालं असतं.

पद्माकरांनी मान डोलावली, पण फवारा थांबवला नाही. हळूहळू, वीतवीत करत ते दांड्याच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकाकडे गेले. एके ठिकाणी थांबले. पुन्हा फवारलं. तिथं, बोटभर रुंदीच्या एका कड्यात, पाण्याचे मणी उभे राहिले होते. अलीकडे पापुद्रा, पलीकडे पापुद्रा, मधल्या कड्यात मणी. आणि कड्याची कड अशी सरळ, की कुणी पट्टी लावून आखली असावी. थोडं पुढे गेल्यावर असंच दुसरं कडं सापडलं.

नंदिनीनं खाली वाकून पाहिलं. हॉलच्या कोपऱ्यात नमुने ठेवायच्या दोन लाकडी घोड्या होत्या. धुक्याच्या खोलीत जायच्या आधी इन्सुलेटर त्यांच्यावर आडवा पडलेला असे, लोळू नये म्हणून दोन पट्ट्यांनी बांधलेला. घोड्यांमधलं अंतर आणि या दोन कड्यांमधलं अंतर तिला मोजायची गरज नव्हती.

“ठिणगीला ठाऊक नसतं डॉक्टर, पट्टा कुठं बांधला होता ते,” पद्माकर शांतपणे म्हणाले. “हा दांडा बांधलेला असताना कुणी तरी साबणाच्या पाण्यानं पुसलाय. पट्ट्याखाली हात गेला नाही, तेवढंच रबर वाचलं.”

येन्सनं खिशातून हातमोजे काढले आणि पुन्हा खिशात घातले.

४

म्हणजे ही चूक नव्हती. हे कुणी तरी केलेलं होतं.

सेलामनं क्यूनास्टना सांगितलं की शुक्रवारपर्यंत ही गोष्ट या खोलीबाहेर जाता कामा नये, आणि पद्माकरांना हवं त्याच्याशी बोलू द्यावं. क्यूनास्ट खुर्चीत बसले होते. त्यांनी नंदिनीकडे पाहिलं आणि माफी मागायला तोंड उघडलं, पण तिनं हातानंच थांबवलं. अजून ती स्वतःही संशयितांत होतीच की.

सगळ्यांच्या मनात आधी एकच नाव आलं, वीगांड. म्युनिकच्या ज्या सल्लागार कंपनीनं आतल्या वाटेचा आराखडा केला होता, तिचा हा माणूस. किनारा पडला की त्याची वाट आपोआप पुढे येणार होती. तो बुधवारी सकाळी हॉलमध्ये येऊनही गेला होता. पद्माकरांनी त्याला कँटीनमध्ये गाठलं. नंदिनी दुभाषी म्हणून सोबत. वीगांड गोरामोरा झाला नाही की चिडला नाही. त्यानं सूपचा वाडगा बाजूला सारला आणि सांगितलं की मंगळवारी दुसरा इन्सुलेटर पास झाला तेव्हाच त्यानं आपल्या ऑफिसला किनाऱ्याच्या वाटेचा आराखडा सुरू करायला सांगितलं होतं. मंडळाशी त्यांचा करार लाइनसाठी होता, वाटेसाठी नव्हे. लाइन कुठूनही गेली तरी काम त्यांचंच. उलट बुधवारच्या निकालानं त्याच्या माणसांची तारांबळ उडाली होती. सेलामनं नंतर कराराबद्दल दुजोरा दिला.

उरला येन्स. इन्सुलेटर सोडवला त्यानं, उचलला त्यानं, टांगला त्यानं. नंदिनीला वाटलं, वडील आता त्याच्यावर घसरणार. पण पद्माकरांनी त्याला घोडीजवळ उभं करून फक्त विचारलं की पट्टे सोडल्यावर नमुना किती वेळ त्याच्या एकट्याच्या हातात असतो. येन्स म्हणाला, खोलीत नेऊन टांगेपर्यंत. दार लावून. घाई केलेली त्याला आवडत नाही.

“मग हा माणूस नव्हे,” पद्माकर मराठीत लेकीला म्हणाले. “ज्याच्याकडे सुटा दांडा आणि बंद दार आहे, तो बांधलेल्या दांड्याला पट्ट्यांच्या आजूबाजूनं कशाला पुसत बसेल? ज्यानं हे केलं त्याला पट्टे सोडायचे नव्हते. सोडले असते तर परत येन्ससारखे बांधता आले नसते, आणि येन्सच्या ते लक्षात आलं असतं.”

आणि तुझंही नाव बाद, ते म्हणाले. पट्टे सुटल्यावर चाचणीआधी नमुना तपासायला तीही एकटीच असे.

नंदिनीनं येन्सला विचारलं की बुधवारी सकाळी, पट्टे सोडण्याआधी, हॉलमध्ये कोण कोण आलं होतं. येन्सनं बोटांवर मोजलं. क्यूनास्ट, त्यांच्यासोबत सेलाम आणि वीगांड. तिघंही पिवळ्या रेषेच्या मागे, आणि येन्स पुढे. पाहुण्यांना तो रेषा ओलांडू देत नाही. मंत्री आला तरी नाही. ते गेले तसा तोही नाश्त्याच्या सुट्टीला गेला, हॉलला कुलूप लावून.

“परत आलात तेव्हा काही बदललेलं होतं?”

आल्झो, म्हणजे, येन्स म्हणाला, तसं काही नाही. इन्सुलेटर जागच्या जागी. फक्त उष्णतेचा कॅमेरा तेवढा तिपाईवर लावून ठेवलेला होता.

नंदिनीनं हातातली पाण्याची बाटली हळूच टेबलावर ठेवली. कॅमेरा लावायला हॉलची किल्ली असलेला माणूस एकच होता.

५

तिनं वडिलांना अनयचं नाव सांगितलं नाही. एल्बेच्या काठानं दोघं चालत होते. ऑक्टोबरचं कोवळं ऊन होतं आणि नदीचं पाणी खाली गेल्यानं काठाचे गोटे उघडे पडले होते.

शेवटी नंदिनीच म्हणाली, “पण का, बाबा? त्याला आतल्या वाटेचं काय पडलंय? तो काही कंपनीचा नाही.”

“ते आपल्याला सेलामबाईच सांगतील,” पद्माकर म्हणाले.

सेलाम हॉटेलच्या लॉबीत भेटली. अनयच्या मॉडेलबद्दल विचारल्यावर तिनं आधी मंडळाचं काम कसं चालतं ते सांगितलं, कारण त्याशिवाय पुढचं कळलं नसतं. प्रत्येक देश म्हणतो, आधी माझी लाइन. प्रत्येकाचं म्हणणं खरंही असतं. कुठं खाण आहे, कुठं बंदर आहे, कुठं नुसताच अंधार आहे. मंडळाकडे ना सैन्य, ना जबरदस्ती करायचा अधिकार. त्याच्याकडे एकच गोष्ट असते: असं एखादं गणित, जे कुठल्याच देशाचं नाही, म्हणून सगळ्यांना मान्य होतं. गेली दोन वर्षं ते गणित म्हणजे अनयचं मॉडेल. त्याच मॉडेलनं आतली वाट चांगली ठरवली होती, आणि तेवढ्यावर तीन देश राजी झाले होते. फक्त किनाऱ्यावरच्या एका देशानं हट्ट धरला की मिठाचा प्रश्न प्रत्यक्ष तपासा. म्हणून या चाचण्या.

“त्याच्या मॉडेलमध्ये किनाऱ्याची लाइन वर्षातून अनेकदा बंद पडते असं धरलेलं आहे,” सेलाम म्हणाली. “मंगळवारी दुसरा इन्सुलेटर पास झाला. संध्याकाळी मी त्याला विचारलं, हा आकडा कुठून घेतला? तो म्हणाला, जुन्या अभ्यासातून. मी म्हटलं, ते तर चिनी मातीचे इन्सुलेटर होते, रबराचे नव्हेत. शुक्रवारी चारही देशांसमोर हे समजावून सांगावं लागेल तुला.”

“काय म्हणाला तो?” नंदिनीनं विचारलं.

“हसला. म्हणाला, अजून एक बाकी आहे.”

सेलामनं चहाचा कप खाली ठेवला. तिच्या चेहऱ्यावरून नंदिनीला कळलं की तिनंही हिशेब जुळवला आहे. कुणाला वाचवायला नव्हे, पण खात्री करायला म्हणून नंदिनीनं विचारलं, हे पुरेसं आहे का? किल्ली त्याच्याकडे असते, कॅमेरा तो लावतो, यानं तो तिथं होता एवढंच ठरतं.

“अजून एक आहे,” पद्माकर म्हणाले. लेकीकडे न बघता बोलले ते. “हे रबर स्वतःहून बरं होतं. आतलं तेल वर झिरपतं आणि एक-दोन दिवसांत पाणी परत मण्यासारखं राहायला लागतं. सोमवारी आपण फवारा मारला असता, तर सगळीकडे मणीच दिसले असते. ना कडं, ना पट्टा. थांबा असं कुणी सुचवलं होतं?”

नंदिनीला आठवायची गरज नव्हती. तिच्याच स्वयंपाकघरात, तिच्याच ताटावर बसून तो हे म्हणाला होता, आणि तिला बरं वाटलं होतं.

“मी जाते त्याच्याकडे,” ती म्हणाली. “तुम्ही नका येऊ, बाबा.”

६

अनय इन्स्टिट्यूटमधल्या त्याच्या खोलीत होता. भिंतीवरच्या पडद्यावर आफ्रिकेचा नकाशा उघडा होता, त्यावर बारीक रेषांचं जाळं. किनाऱ्याची रेषा राखाडी, आतली रेषा हिरवी. नंदिनीनं दार लावून घेतलं आणि त्याच्यासमोर बसली. सकाळी पाण्याची कडी सापडली, एवढंच तिनं सांगितलं. पुढचं त्याला सांगावं लागलं नाही.

त्यानं नकाशाकडे पाहिलं. मग बोलायला लागला तेव्हा आवाज अगदी साधा होता, जणू सेमिनारमध्ये एखाद्याच्या शंकेला उत्तर देतो आहे. चार वर्षं त्यानं हे जाळं विणलं होतं. पहिला इन्सुलेटर पास झाला तेव्हा त्याला वाटलं, योगायोग. दुसरा पास झाला तेव्हा रात्रभर तो आकडे फिरवत बसला. एक आकडा बदलला की हिरवी रेषा राखाडी व्हायची आणि राखाडी हिरवी. त्या एका आकड्यावर बाकी सगळं उभं होतं.

“मला वाटलं गणित बरोबर आहे,” तो म्हणाला. “इन्सुलेटरच चुकतायत.”

“आणि किनाऱ्यावरची माणसं?”

“ती माझ्या गणितात लोड होती, ताई. किती मेगावॉट, एवढंच.”

तिला जे विचारायचं होतं ते अजून विचारून झालं नव्हतं, आणि ते विचारायची लाज तिलाच वाटत होती.

“माझ्यावर येईल हे कळलं नव्हतं तुला?”

अनयनं पहिल्यांदा मान खाली घातली. “नव्हतं. खरंच नव्हतं. दुपारी कळलं. मग वाटलं, तुमचं नाव मोठं आहे, तुम्ही निभावून न्याल. म्हणून जेवायला आलो. बघायला, की तुम्ही निभावताय ना.”

तिनं त्याच्यावर आवाज चढवला नाही. उठली, खिडकी उघडली, बाहेरची हवा आत येऊ दिली. मग म्हणाली की उद्या सकाळी मंडळाची बैठक आहे. सेलामना सगळं माहीत आहे आणि त्या सांगणारच आहेत. त्यांनी सांगायच्या आधी तू सांगायचंस की नाही, हे मात्र तुझं तू ठरवायचंस. त्यात मी पडणार नाही.

ती दाराशी पोचल्यावर त्यानं मागून विचारलं, “काकांना कसं कळलं?”

“त्यांनी पाणी मारून पाहिलं,” ती म्हणाली. “आमच्यापैकी कुणी मारलं नव्हतं.”

७

शुक्रवारी पडद्यावर चार देशांचे प्रतिनिधी होते आणि टेबलाभोवती सेलाम, क्यूनास्ट, वीगांड आणि नंदिनी. अनय आत आला तेव्हा सेलामनं त्याच्याकडे एकदाच पाहिलं आणि कार्यक्रमपत्रिकेतला पहिला विषय त्याला दिला. तो उभा राहून बोलला. आकडा कुठून घेतला होता ते आधी सांगितलं आणि मग तिसऱ्या इन्सुलेटरचं काय केलं ते. सबब सांगितली नाही. किनाऱ्यावरच्या देशाच्या प्रतिनिधी एक वयस्क बाई होत्या. त्यांनी मधेच त्याला थांबवून विचारलं, तू कधी आमच्या किनाऱ्यावर आला आहेस का? तो नाही म्हणाला. त्यांनी पुढे काही विचारलं नाही. खोलीतल्या सगळ्यांना त्याहून मोठी शिक्षा सुचली नसती.

वीगांडनं मग तोंड उघडलं आणि सगळ्यांच्या मनातलं बोलला: ज्या मॉडेलवर इतके देश राजी झाले, तेच बनवणाऱ्यानं असं केलं, तर आता विश्वास कशावर ठेवायचा? सेलामनं त्याला उत्तर दिलं ते नंदिनीला पुढे कित्येक दिवस आठवत राहिलं. ती म्हणाली, गणितावर नाही आणि माणसावरही नाही. तपासण्यावर. म्हणून तर हट्ट धरणारा एक देश लागतो.

बैठक तिथंच तहकूब झाली. त्याच खेपेतला चौथा इन्सुलेटर मागवला गेला. पट्टे येन्सनं सोडले, मिठाचं पाणी नंदिनीनं केलं आणि चाचणीच्या आधी क्यूनास्टनी स्वतः बाटली घेऊन दांड्यावर टोकापासून टोकापर्यंत पाणी मारलं. पाण्याचे मणी सगळीकडे उभे राहिले. मग धुकं सोडलं, व्होल्टेज चढवलं आणि काचेपलीकडे नुसती मंद गुणगुण ऐकू येत राहिली. धुक्यात तासभर काही झालं नाही. सेलामनं काचेला कपाळ टेकवलं आणि तशीच उभी राहिली. त्या दिवशी पहिल्यांदा ती थकलेली दिसली.

किनाऱ्याची लाइन पहिल्या टप्प्यात आली. आतली वाट दुसऱ्या टप्प्यासाठी ठेवली गेली. मॉडेल फेकून दिलं नाही. त्यातला आकडा बदलून ते दुसऱ्या एका गटाकडे गेलं आणि आता दर महत्त्वाच्या आकड्यापुढे तो कुठल्या प्रत्यक्ष चाचणीतून आला ते लिहिण्याची अट मंडळानं घातली. विद्यापीठानं अनयची जागा रद्द केली. पोलिसात जायचं की नाही यावर क्यूनास्ट आणि सेलाम बराच वेळ बोलले. शेवटी गेले नाहीत. तो स्वतःहून उभा राहिला, हे कारण.

नोव्हेंबरच्या सुरुवातीला अनय जायला निघाला. फ्रँकफर्टला ट्रेननं, तिथून विमानानं घरी. पद्माकर त्याला निरोप द्यायला आले नाहीत; त्यांनी शेंगदाण्याच्या चिक्कीचा डबा मात्र लेकीबरोबर दिला. नंदिनी हाउप्टबानहोफवर, म्हणजे शहराच्या मुख्य रेल्वे स्टेशनवर, त्याच्यासोबत उभी होती. बॅग लहानच होती. चार वर्षांचं सामान त्यानं वाटून टाकलं होतं.

नागपूरला एका वीज कंपनीत काम बघतोय, असं तो म्हणाला. फिल्डवरचं. खांब, तारा, तक्रारी. घरी आईला त्यानं फोनवर सगळं सांगितलं होतं. आईनं एवढंच विचारलं होतं की नंदिनीताईंचं काय झालं.

ट्रेन आली. पायरीवर पाय ठेवून तो वळला.

“ताई, परत कधी इकडे आलो, तर घरी बोलवाल?”

नंदिनीला लगेच हो म्हणता आलं असतं. त्यानं ते ऐकून घेतलंही असतं. पण तिला त्याच्याशी आता खोटं बोलायचं नव्हतं.

“लगेच नाही, अनय,” ती म्हणाली. “मला वेळ लागेल. पण बोलवीन.”

त्यानं मान हलवली, डबा छातीशी धरला आणि आत गेला. दारं मिटली. ट्रेन फलाटाबाहेर पडेपर्यंत नंदिनी तिथं उभी राहिली आणि मग लॅबकडे जाणाऱ्या ट्रामकडे वळली.